वर्डप्रेसच्या गाभ्यासाठी पहिला पॅच पाठवण्याबाबत मदत हवी आहे

नमस्कार. २००३ पासून मुक्त परवान्याखाली विकसित होत असलेल्या वर्डप्रेस या संकेतस्थळे बनवण्याच्या प्रणालीच्या मूळ कोडमध्ये मला पीएचपी या प्रोग्रामिंग भाषेतली एक छोटी दुरुस्ती सुचवायची आहे. ट्रॅकवर (वर्डप्रेसमधील त्रुटी नोंदवण्याच्या संकेतस्थळावर) ‘गुड फर्स्ट बग’, म्हणजे नवख्यांसाठी सोपी त्रुटी, अशी खूण असलेले एक तिकीट (त्रुटीची नोंद) मी निवडले असून त्याला जोडलेला जुना पॅच (कोडमधील बदलांची फाइल) आताच्या ट्रंकवर (विकासाधीन मुख्य कोडवर) लागू होत नाही. अशा वेळी, आधीच्या व्यक्तीच्या श्रमांचे श्रेय अबाधित राखून, तोच पॅच नव्याने जुळवून तिकिटावर चढवावा, की गिटहब या कोड ठेवण्याच्या संकेतस्थळावर पुल रिक्वेस्ट (बदल स्वीकारण्याची विनंती) उघडून तिच्यात तिकिटाचा दुवा द्यावा? सोबत पीएचपीयुनिट या पीएचपी कोड तपासण्याच्या साधनासाठीची चाचणी लिहिणे मला आवश्यक वाटते, परंतु ती कुठून सुरू करावी हे उमगत नाही. मराठी भाषांतराचे काम मी आवडीने करत आलो आहे. कोडचे कामही तितक्याच काळजीने व्हावे, म्हणून ही प्रक्रिया स्वतः पार केलेल्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.