बाकड्यावरचा विष्णू आणि पडद्यावरचे देव

प्रश्न (कुडाळ):
लहानपणापासून जत्रेतला दशावतार, म्हणजे आमच्या कोकणातले पौराणिक लोकनाट्य, पाहत आल्यामुळे एक शंका बरेच दिवस मनात आहे. आमच्या देवळापुढे विष्णूचे सिंहासन म्हणजे साधे लाकडी बाकडे असते, आणि मध्यरात्रीनंतर तोच विष्णू मुकुट मांडीवर ठेवून चहा पिताना आम्हां मुलांना दिसत असे. तरीही तो पुन्हा बाहेर आला की म्हाताऱ्या बायका हात जोडत. याउलट जुन्या पौराणिक चित्रपटांत सुदर्शनचक्रे फिरतात, माणसे अंतर्धान पावतात, पण त्यांतले देव मला परके वाटतात. हा दोष ट्रिकसीनचा की माझ्या सवयीचा?

प्रतिसाद (मालवण):
सवयीचा तर नक्कीच नाही. फाळके यांच्या १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके यांनी केल्या होत्या; दशावतारातही स्त्रीभूमिका पुरुषच करतात, मग आपल्या माणसांना त्यात नवल ते काय? माझ्या मते देव परका वाटतो तो नुसता हात वर करून उभा राहतो तेव्हा. ‘संत तुकाराम’मध्ये (१९३६) शेवटी गरुडाच्या आकाराचे विमान उतरते, ती करामत आज कच्ची दिसते. पण तुकारामांची बायको जिजाई आजारी मुलाला ओढत, हातात वहाण घेऊन विठोबाला जाब विचारायला देवळात शिरते, त्या प्रसंगाला अजून जराही गंज चढलेला नाही.

प्रतिसाद (वेंगुर्ले):
ट्रिकसीनला एवढे कमी लेखू नये. के. व्ही. रेड्डी यांच्या १९५७ च्या ‘मायाबाजार’मध्ये घटोत्कच लग्नघरचे जेवण एकटाच फस्त करतो, तेव्हा लाडू आपणहून त्याच्या तोंडात जातात. तिथे चमत्कार आकाशात न घडता पंगतीच्या ताटात घडतो, म्हणून तो आपला वाटतो. मात्र पुढे घटोत्कच नवरीचे रूप घेतो, ते काम सावित्री यांनी केवळ चालीने आणि डोळ्यांनी उभे केले आहे. मांडवात ती नवऱ्या मुलाचा पाय असा दाबते की राक्षस वेगळा दाखवावाच लागत नाही.

प्रश्नकर्ता:
हे पटले. आमच्याकडे ही नवरी वत्सला स्त्रीपार्टी नटच करील, म्हणजे पुरुषाच्या अंगावर वत्सला आणि वत्सलेच्या आत पुन्हा घटोत्कच! एक लुगडे आणि मध्येच खाली उतरवलेला आवाज, एवढ्यावर त्याला सगळे भागवावे लागेल, आणि पेटीवाल्याने साथ दिली तर ते भागेलही.