मदत हवी आहे: भाच्याला अमेरिकेतून तातडीने सांगलीला यायचंय, डाकाचं कार्ड संपलंय

अबोली_सांगली:
घाईत लिहितेय, समजून घ्या. सोमवारी आईला अर्धांगाचा झटका आला, आयसीयूत आहे. तिचा नातू, म्हणजे माझा भाचा, न्यू जर्सीत असतो. आठ वर्षांचा होईपर्यंत आईनेच सांभाळलाय त्याला. डोळे उघडले की त्याचंच नाव घेते. त्याच्याकडे डाकाचं कार्ड आहे, ते संपलंय. पंधरा दिवस येऊन परत जायचं तर मुंबईच्या अमेरिकी वकिलातीत व्हिसाचा शिक्का मिळेल का? किती दिवस लागतात? तिकीट आजच काढायचंय.

चहाबाज:
डाका म्हणजे काय? मला वाटलं चोरीची भानगड आहे.

जर्सीकर:
ताई, तिकीट काढू नका. आधी एवढं सांगा: अमेरिकेत शिरला तो कुठल्या व्हिसावर? कार्ड नक्की कधी संपलं? अॅडव्हान्स परोल, म्हणजे बाहेर जाऊन परत येण्याची आगाऊ परवानगी, आहे का? टेक्सासमध्ये तर राहत नाही ना?
@चहाबाज, लहानपणी आईवडिलांनी नेलेली आणि कागदांविना राहिलेली मुलं असतात, त्यांच्यासाठीची सवलत आहे ती. १५ जून २०१२ला ओबामांच्या सरकारने जाहीर केली. सोळा पूर्ण होण्याआधी आलेले, जून २००७पासून तिथेच राहणारे, शिकलेले किंवा शिकणारे, गंभीर गुन्हा नसलेले. दोन वर्षं हद्दपारी नाही आणि कामाचा परवाना, मग पुन्हा अर्ज. हा व्हिसा नाही, त्यामुळे वकिलातीत शिक्का मारण्याजोगं काही नसतंच.

मिरजमळा:
ओसीआय, म्हणजे भारतात व्हिसाविना येण्याचं कार्ड, काढून टाका. माझ्या मुलाचं महिन्यात आलं, आता आजन्म कटकट नाही.

जर्सीकर:
ओसीआय परदेशी नागरिकांना मिळतं. हा मुलगा भारतीयच आहे. त्याला इथे यायला कुणी अडवत नाही हो, अडणार आहे ते परत जाताना.

अबोली_सांगली:
न्यू जर्सीच लिहिलंय वर. २००५मध्ये ताई-भावोजींबरोबर टुरिस्ट व्हिसावर गेला, ते परत आलेच नाहीत. परोलचं माहीत नाही. कार्ड मागच्या वर्षी संपलं असेल. मी विचारलंय ते मुंबईचं कुणी सांगेल का? डॉक्टर काहीच धड बोलत नाहीत.

एडिसन_१९९८:
राग मानू नका, पण मुदत संपल्यावर राहिलेल्यांना सवलत आणि आमच्या मुलांना काय? माझी मुलगी २००६मध्ये पाच वर्षांची असताना एच-४वर, म्हणजे माझ्या नोकरीच्या व्हिसामुळे कुटुंबाला मिळणाऱ्या व्हिसावर, आली. मी एक दिवस नियम मोडला नाही. एकवीस पूर्ण झाली आणि माझ्या ग्रीन कार्डच्या रांगेतून बाहेर पडली. आता विद्यार्थी व्हिसावर आहे. डाका तिला मिळत नाही, कारण त्या १५ जूनला तिच्याकडे कायदेशीर दर्जा होता!

शाहूपुरी:
अन्याय आहेच, पण आठ वर्षांच्या पोराने मोडला का नियम? बाईंची आई आयसीयूत आहे. वेगळा धागा काढा, मीही लिहीन तिथे.

कोर्टाची_पायरी:
अमेरिकन मुलीशी लग्न लावून द्या. तपासणी होऊन शिरलाय, म्हणजे देशाबाहेर न जाता ग्रीन कार्ड होऊ शकतं.

जर्सीकर:
होऊ शकतं, पण ते विचारलंय कुणी? एक मात्र करा: त्याच्या जुन्या पासपोर्टात आय-९४चा पांढरा कागद स्टेपल केलेला असेल, तो जपा. रीतसर शिरल्याचा पुरावा आहे तो. आणि ताई, कार्डाची तारीख?

अबोली_सांगली:
आत्ता फोटो पाठवला त्याने. कार्डावर सी३३ लिहिलंय. संपून दहा महिने आणि नऊ दिवस झालेत. पहिलं कार्ड २०१३मधलं, तेव्हा सोळाचा होता. मध्ये कधी खंड नव्हता. या वेळी नोकरी गेली, फीला पैसे नव्हते, म्हणून राहिलं म्हणतो. आम्हाला बोलला नाही.

जर्सीकर:
मग नीट वाचा. सी३३ म्हणजे डाकाचंच कार्ड. अठराच्या आधी डाका मिळालं, म्हणून बेकायदा मुक्कामाचे दिवस त्याच्या खात्यावर कार्ड संपल्यापासूनच चढताहेत. १८० दिवस कधीच उलटले. आज बाहेर पडला तर तीन वर्षं परत घेणार नाहीत, वर्ष भरल्यावर पडला तर दहा वर्षं. परोल आजारपणासाठी तातडीने मागता येतो, पण चालू डाका असेल तरच.
आणि याहून मोठं: संपून वर्ष झालं की अर्ज नूतनीकरणाचा राहत नाही, पहिला धरतात. जुलै २०२१च्या टेक्सासमधल्या निकालापासून पहिले अर्ज घेतात, पण मंजूर करत नाहीत. म्हणजे तुमच्या हातात दोन महिनेही नाहीत. फॉर्म दोन: डाकाचा आय-८२१डी आणि कामाच्या परवान्याचा आय-७६५, ऑनलाइन मिळून ५५५ डॉलर. शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. सरकारमान्य प्रतिनिधी असलेल्या संस्थेकडून तपासून घ्या, फॉर्म भरून देणाऱ्या एजंटाकडे जाऊ नका.

एडिसन_१९९८:
फीचे पैसे मी भरतो. मेसेज करा. खरंच.

अबोली_सांगली:
पैसे आम्ही पाठवतोय, पण तुम्ही म्हणालात हे विसरणार नाही. तिकीट काढलेलं नाही. फोनवर त्याला सांगितलं तर बराच वेळ काही बोललाच नाही, मग म्हणाला, "मावशी, आजीला काय सांगू?" आज त्याच्या रात्री अर्ज भरायला बसतोय. आत दहा मिनिटं व्हिडिओ कॉल लावू देतील का, ते सिस्टरांना विचारायला चाललेय.