साब: कंपनी बुडाली, गाड्या पळताहेत. मग घ्यावी की नाही?

स्वीडनचा सातारकर (धागाकर्ता)

गोथेनबर्गला नवीन आलेलं एक मराठी जोडपं गाडी शोधतंय. स्वीडिश बनावटीची २००७ ची साब ९-५ स्टेशन वॅगन स्वस्तात मिळतेय. मी म्हणालो, डोळे झाकून नाही, पण घ्या. त्यावर आमच्या मित्रमंडळींत जी जुंपली ती अजून मिटलेली नाही, म्हणून इथे मांडतो. माझं म्हणणं असं की साब ही आजही रोज वापरायची गाडी आहे, दारात उभी करून बघत बसायची नाही.

ज्यांना इतिहास माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. विमानं बनवणाऱ्या साबची ९२ ही पहिली मोटार १९४९ च्या डिसेंबरात ट्रोलहेट्टानमध्ये तयार होऊ लागली. १९९० च्या सुमारास जनरल मोटर्सने मोटारींच्या धंद्यातला निम्मा हिस्सा घेतला, २००० मध्ये उरलेलाही. २०१० मध्ये त्यांनी तो स्पायकर या छोट्या डच कंपनीच्या गळ्यात घातला आणि १९ डिसेंबर २०११ ला दिवाळखोरीचा अर्ज दाखल झाला. विमानवाली साब ठणठणीत आहे, भारताला ग्रिपेन लढाऊ विमानं विकायला बघणारी तीच. तिचा या भानगडीशी संबंध नाही.

लोक गृहीत धरतात की कंपनी गेली म्हणजे पार्टही गेले. तसं झालं नाही. सुटे भाग विकणारी कंपनी वेगळी होती, नीशोपिंग गावात. मोटारवाल्या साबने युरोपियन इन्व्हेस्टमेंट बँकेकडून घेतलेल्या कर्जाला स्वीडिश सरकार जामीन होतं आणि त्या जामिनाला तारण होती नेमकी हीच पार्ट्सची कंपनी. कर्ज थकलं, सरकारने बँकेचे पैसे भरले आणि तारण ताब्यात घेतलं. पुढे तिचं नाव ओरिओ झालं, आता ती हेडीन समूहाकडे आहे. म्हणजे गाडी बनवणारा कारखाना थंड आणि पार्टचं गोदाम चालू. चालू कंपन्यांच्या वीस वर्षं जुन्या मॉडेलांनाही इतकी सोय नसते.

हप्ता नाही, घसारा आधीच होऊन गेलाय, सीट अशा की गोथेनबर्ग ते स्टॉकहोम एका दमात गेलं तरी पाठ बोलत नाही. मला यात चूक काय ते सांगा.

जमाखर्च

चूक सांगते. ब्रेक पॅड, फिल्टर, वॉटर पंप, बुश मिळतात हा मुद्दाच नाही. जे झिजतं ते कुणी ना कुणी बनवतंच, कारण त्याला गिऱ्हाईक आहे. जे झिजत नाही पण एक दिवस मोडतं, त्याचं बोला. पुढचा हेडलाइट, टेलगेटची काच, दाराचं रबर, एबीएसचं कंट्रोल युनिट. हे सहसा कुणी नव्याने बनवत नाही. भंगारवाड्यातून आणायचं, आणि तिथला साठा दर वर्षी कमीच होतो.

यातून पुढचा घोळ होतो. पार्किंगमध्ये कुणीतरी हलकीशी ठोकली, हेडलाइट आणि फेंडर गेले. खर्च फार नाही, पण गाडीची बाजारातली किंमतच एवढी कमी की विमा कंपनी दुरुस्ती करत बसत नाही, गाडी टोटल लॉस करून मोकळी होते. एंजिन अजून दोन लाख किलोमीटर पळालं असतं, त्याला कोण विचारतो?

आणि डिझाइन १९९७ चं आहे हे विसरू नका. मान सांभाळणारे हेडरेस्ट साबने तेव्हा दिले, त्याबद्दल मान आहे. पण आपोआप ब्रेक लावणारी यंत्रणा वगैरे काहीच नाही. घरात लहान मूल आहे का त्या जोडप्याच्या, ते विचारलंत का?

टर्बो तात्या (बर्मिंगहॅम)

दोघांचंही चुकतंय. ९-५ वर भांडायचंच कशाला? साब म्हणजे जुनी ९००, १९९३ पर्यंतची. पुढच्या सगळ्या जनरल मोटर्सच्या.

क्लचप्लेट बदलायची वेळ आली की कळतं हे लोक कसा विचार करायचे. एंजिन उलटं बसवलंय, गिअरबॉक्स एंजिनच्या पोटाखाली, त्यामुळे क्लच समोर, रेडिएटरच्या बाजूला. बॉनेट पुढच्या बाजूला कलतं, सगळं डोळ्यांसमोर. एकाने आत बसून पेडल दाबून धरायचं, दुसऱ्याने प्रेशर प्लेटच्या पात्यांमागे एक लोखंडी कडी सरकवायची म्हणजे ती दबलेलीच राहते. मग मधला शाफ्ट पुढे खेचायचा, बोल्ट काढायचे, आणि प्लेट, क्लच, स्लेव्ह सिलिंडर हा सगळा संच वर उचलून घ्यायचा. एंजिन उतरवायचं नाही, गिअरबॉक्स उतरवायचा नाही. आजच्या कुठल्याही गाडीच्या मेकॅनिकला हे सांगून बघा, तो तुमच्याकडे संशयाने बघेल.

शिवाय इकडे ब्रिटनमध्ये चाळीस वर्षं पूर्ण झालेल्या गाडीला रोड टॅक्स माफ होतो. माझी त्या उंबरठ्यावर आहे.

जमाखर्च

तात्या, तुमचा छंद आहे, आनंद आहे. पण त्या ९०० चा गिअरबॉक्स नाजूक असतो हे तुम्ही गाळलंत. आणि पेडल दाबून धरणारा 'एक जण' कोण असतो तेही सांगा. काकू ना?

टर्बो तात्या

काकूच. चहा मात्र मी करतो.

मिशिगनकर

तात्यांचा जनरल मोटर्सवरचा राग जुना आणि सार्वत्रिक आहे, पण आज साब रस्त्यावर टिकण्याचं अर्धं श्रेय त्याच जनरल मोटर्सला आहे. २००२ नंतरची ९-३ घ्या. तिचा सांगाडा ओपेल व्हेक्ट्राबरोबर सामाईक. १.९ डिझेल फियाटच्या घराण्यातलं, तेच अल्फाच्या १५९ मध्येही. शेवटची, २०१० ची नवी ९-५ ही ओपेल इन्सिग्नियाची चुलत बहीण. 'ही खरी साब नाही' म्हणून ज्या गाड्यांना नाकं मुरडली त्यांचेच यांत्रिक भाग आज सहज मिळतात. फक्त त्या शेवटच्या ९-५ ची बॉडी, दिवे, काचा... तिथे जमाखर्च ताई शंभर टक्के बरोबर. इतक्या थोड्या बनल्या की भंगारातही येत नाहीत.

पण मला खरा धोका वेगळाच वाटतो. टकाटा या जपानी कंपनीच्या एअरबॅगचं प्रकरण आठवतंय? फुगवणारा भाग कालांतराने खराब होऊन फुटायचा आणि धातूचे तुकडे थेट ड्रायव्हरच्या अंगावर. त्यात २००३ ते २०११ च्या ९-३ होत्या. अमेरिकेत जनरल मोटर्सने ती जबाबदारी घेतली आणि रीकॉल केला, म्हणजे दुरुस्तीसाठी गाड्या परत बोलावल्या. घेतली कारण घ्यायला कुणीतरी जिवंत होतं. उद्या असा नवा दोष निघाला तर पत्र कोण पाठवणार? पार्टचं गोदाम रीकॉल करत नाही.

वॉरंटीचंही तसंच झालं. जनरल मोटर्सच्या काळातल्या गाड्यांची त्यांनी इकडे निभावली. स्पायकरच्या काळात ज्यांनी नवीकोरी घेतली ते हात चोळत बसले.

तळेगावकर

हे वाचून हसू आलं, कारण आम्ही त्याच मालकाचे दुसरे बळी. जनरल मोटर्सने २०१७ अखेर भारतात विक्री थांबवली. तळेगावचा कारखाना निर्यातीसाठी काही वर्षं चालला, आता ह्युंदाईकडे आहे. माझ्याकडे त्यांचीच शेवरले क्रूझ. पार्ट मिळतात, मिळत नाहीत असं नाही, पण मिळण्याचं ठिकाण बदललं. शोरूम सोडून आता व्हॉट्सॲप ग्रुप आणि एक खमका मेकॅनिक. गाडी विकायला काढली की मात्र दलाल आधी हसतो आणि मग भाव सांगतो.

एक फरक आहे. साबला निदान चाहते आहेत. शेवरले बीटचा मेळावा कुणी भरवणार नाही.

स्वीडनचा सातारकर

चाहत्यांचा मुद्दा हलक्यात घेऊ नका. दिवाळखोरीत संग्रहालयातल्या गाड्यासुद्धा लिलावात निघाल्या होत्या. ट्रोलहेट्टान नगरपालिका, विमानवाली साब आणि वॉलेनबर्ग या उद्योगपती घराण्याचं प्रतिष्ठान यांनी २०१२ च्या सुरुवातीला एकत्र येऊन त्या विकत घेतल्या, गावाबाहेर जाऊ दिल्या नाहीत. अशा गावात मेकॅनिक संपत नाही.

आता ९-५ च्या दुखण्यांबद्दल, कारण ताईंनी ते काढलं नाही आणि कुणीतरी काढणारच. पहिलं, तेलाचा गाळ. २००३ पर्यंतच्या पेट्रोल एंजिनांत क्रँककेसची वाफ नीट बाहेर पडत नव्हती, कॅटॅलिटिक कन्व्हर्टर तेलाच्या चेंबरला खेटून तापायचा, वर लोक तेल बदलायला आळस करायचे. गाळ जाऊन स्ट्रेनरच्या जाळीत बसायचा, तेलाचा दाब पडायचा आणि एंजिन संपायचं. २००४ पासून व्हेंटिलेशन सुधारलं. आपली गाडी २००७ ची आहे. पूर्ण सिंथेटिक तेल, ते वेळेवर, विषय संपला.

दुसरं, इग्निशनची कॅसेट. चारही स्पार्क प्लगांवर एकच लांबट डबा बसतो, चार कॉइल त्यातच. हा गेला की गाडी धक्के खात थांबते, बहुतेकदा पूर्वसूचना न देता. पण बदलायचा म्हणजे चार स्क्रू, वायरचा एक कनेक्टर, जुना उचला, नवा दाबा. हायवेच्या कडेला थंडीत बोटं गारठलेली असतानाही जमतं. साबवाल्यांच्या डिकीत एक जादा कॅसेट आणि टॉर्क्सचा पाना असतोच. स्पार्क प्लग मात्र एनजीके कंपनीचेच घाला. ही यंत्रणा प्लगमधून वाहणाऱ्या आयन प्रवाहावरून नॉकिंग (इंधन अवेळी पेटून होणारी ठकठक) ओळखते, भलते प्लग घातले की तिचा गोंधळ उडतो.

जमाखर्च

डिकीत जादा कॅसेट ठेवावी लागते हे तुम्ही कौतुकाने सांगताय! माझ्या डिकीत वाणसामान असतं. घरजावयासारखे लाड करायला वेळ असेल त्याने जरूर करावेत.

आणि किल्लीचं बोलला नाहीत. दोन सीटच्या मधलं ते प्रसिद्ध किल्लीचं भोक सगळ्यांना आवडतं. पण या ९-५ च्या सगळ्या किल्ल्या हरवल्या तर नुसती नवी किल्ली घालता येत नाही, चोरीविरोधी यंत्रणेचं अख्खं मॉड्यूल बदलावं लागतं आणि ते टेक-२ नावाच्या जुन्या निदानयंत्राने गाडीशी जुळवावं लागतं. ते यंत्र आणि ते चालवता येणारा माणूस, दोन्ही वयस्कर. स्टॉकहोममध्ये मिळेल, गोथेनबर्गात मिळेल. उद्या नवऱ्याची बदली पार उत्तरेतल्या किरुनाला झाली तर? दुसरी गाडी म्हणून साब घ्या, माझी हरकत नाही. एकुलती एक म्हणून नको, एवढंच माझं म्हणणं, आणि त्यावर तुम्ही अजून उत्तर दिलेलं नाही.

स्वीडनचा सातारकर

उत्तर असं की दोन गाड्या परवडत असत्या तर ते जोडपं जुन्या साबकडे वळलंच नसतं. त्यांच्या पैशात दुसरं जे मिळतं त्याला गंज लागलेला, सर्व्हिसचा कागद नाही, मालक चार झालेले. कंपनी जिवंत असलेली वाईट गाडी की कंपनी मेलेली चांगली गाडी, निवड या दोघांतच आहे. नव्या टोयोटाशी तुलना करून उपयोग नाही. किरुनाला बदली झाली तर निघण्यापूर्वी जादा किल्ली करून घ्या.

नवा गडी

ते जोडपं म्हणजे आम्हीच. मूल आहे, सव्वा वर्षाचं. गाडी उद्या बघायला जातोय, मालक आजोबा आहेत आणि सगळ्या पावत्या फाइलला लावून ठेवल्यात म्हणे. ई-८५ वर, म्हणजे मुख्यतः इथेनॉल असलेल्या इंधनावर चालणारी बायोपॉवर आहे. नेमकं काय बघू?

जमाखर्च

किल्ल्या किती आहेत ते आधी विचारा, आणि असतील तेवढ्या सगळ्यांनी गाडी चालू करून बघा. एकच असली तर भाव पाडा. मागच्या चाकांच्या कमानी आणि खालचा पत्रा हाताने चाचपा, मीठ टाकलेल्या रस्त्यांवर आयुष्य गेलंय तिचं. तेल बदलल्याच्या पावत्या तारखांसकट वाचा, नुसती जाड फाइल बघून खूश होऊ नका. लहान मुलाची सीट सोबत न्या आणि तिथेच बसवून बघा.

माझं मत बदललेलं नाही. पण जाताय तर नीट बघून या.

टर्बो तात्या

आजोबांना विचारा, ९०० आहे का एखादी गोठ्यात.