काळाचा गाळ : परवान्यापेक्षा ग्रामसभा बरी
आपण रचतोय त्या काल्पनिक राज्यात काळाचा गाळ, म्हणजे माणसांच्या जगण्यातून पडक्या वाड्यांत साचत गेलेला काळ, वाळूसारखा उपसता येतो. तो उपसायला राजाचा परवाना आणि चोरून उपसला तर जबर दंड, असं या चर्चेत बहुतेकांनी सुचवलंय. मला नाही पटत. आपल्याकडे वाळूघाटांचे लिलाव होतात, ब्रासवर हिशेब होतो, तरी रात्री डंपर धावतातच ना? त्यापेक्षा एलिनॉर ऑस्ट्रम (२००९चं अर्थशास्त्राचं नोबेल) यांनी सामायिक साधनांबद्दल जे दाखवलं ते वापरा: नियम वापरणाऱ्यांनीच करायचे, पहारा त्यांचाच, पहिल्या गुन्ह्याला किरकोळ दंड, मग चढता. ज्या गावच्या पडक्या वाड्यात गाळ साचतो, उपसा त्या गावाने ठरवावा.

घोळ एकच. ज्यांच्या जगण्यातून तो साचला ते केव्हाच मेलेत. सभेत त्यांच्या वतीने कोण बोलणार? मी तरी एक जागा भुतांसाठी राखून ठेवेन. (भुतं लाच घेतात का, ते आधी ठरवा.)