फ्युरोसेमाइड (लघवी वाढवणारं औषध) दिवसातून तीनदा देऊनही सूज उतरत नाही, चौथा डोस जोडावा का?

नवा_निवासी:
हृदय कमकुवत असलेला ७० वर्षांचा रुग्ण. क्रिएटिनिन (मूत्रपिंड मंदावलं की रक्तात वाढणारा घटक) १.९, पोटॅशियम ३.८, रक्तदाब ११८/७०, आडवं झाल्यावर दम लागत नाही. फ्युरोसेमाइड २० मिग्रॅची गोळी दिवसातून तीनदा चालू आहे. नडगीवर बोट दाबलं की खळगा तसाच राहतो, वजन आठवडाभर जागचं हललेलं नाही. गोळी घेतल्यावर लघवी वाढल्याचंही जाणवत नाही. रात्री चौथी गोळी द्यावी की औषधच बदलावं?

नेफ्रॉन:
चौथी गोळी नको. शेवटचं वाक्य सगळ्यात महत्त्वाचं आहे: गोळीनंतर लघवी वाढतच नाही, म्हणजे एकही डोस लागू पडत नाहीये.

रक्तात हे औषध ९५ टक्क्यांहून अधिक अल्ब्युमिन या प्रथिनाला चिकटलेलं असतं, त्यामुळे मूत्रपिंडाच्या गाळणीतून ते जवळजवळ उतरतच नाही. सुरुवातीच्या नलिकेच्या पेशी ते रक्तातून उचलून नलिकेत सोडतात. तिथून हेन्ले लूपच्या (नलिकेच्या पुढच्या वळणाच्या) जाड चढत्या भागात पोचल्यावर ते सोडियम, पोटॅशियम आणि दोन क्लोराइड एकत्र शोषणारा वाहक आतल्या बाजूने अडवतं. गाळलेल्या सोडियमपैकी सुमारे पाव हिस्सा इथेच परत शोषला जातो, म्हणून फ्युरोसेमाइडच्या गटातल्या औषधांची ताकद इतकी. मूत्रपिंड मंदावलं की रक्तात साठलेली आम्लं त्याच वाटेवर गर्दी करतात आणि नलिकेत औषध कमी उतरतं.

नलिकेतल्या पातळीला एक उंबरठा असतो. त्याखाली परिणाम जवळपास शून्य, ठरावीक मर्यादेवर डोस वाढवूनही फारसं काही वाढत नाही. उंबरठ्याखालचे तीन डोस मिळून ६० मिग्रॅचं काम करत नाहीत. म्हणून आधी एकेक डोस मोठा करा, लघवी वाढताना दिसली की मग वेळा वाढवा. तोंडी गोळीचा जोर साधारण सहा तासांत ओसरतो आणि नंतर मूत्रपिंड सोडियम धरून ठेवू लागतं. दुसरा डोस लागलाच तर दुपारी दोनच्या सुमारास द्या, म्हणजे रात्रीची झोपमोड टळेल. मिठावर बंधन नसेल तर सकाळी गेलेलं सोडियम संध्याकाळी परत जमा होतं.

औषधविद्या:
तोंडी फ्युरोसेमाइड सरासरी निम्मंच शोषलं जातं, पण फरक १० ते १०० टक्के इतका मोठा. आतड्यालाही सूज असेल तर शोषण लांबतं आणि पातळी उंबरठ्यापर्यंत चढत नाही. त्याच गटातलं टॉर्सेमाइड ८० टक्क्यांहून जास्त शोषलं जातं. ढोबळ हिशेब: फ्युरोसेमाइड तोंडी ४० = शिरेतून २० = टॉर्सेमाइड २० = ब्युमेटॅनाइड (हेही त्याच गटातलं) १ मिग्रॅ. शोषणासाठी बदल जरूर करा. आयुष्य वाढेल म्हणून मात्र नको, कारण २०२३ च्या मोठ्या चाचणीत मृत्युदरात फरक दिसला नाही.

शिरेतून मोठा डोस मिनिटाला ४ मिग्रॅपेक्षा वेगाने देऊ नका, कानाला इजा होते. जेंटामायसिन किंवा अमिकासिनसारखं अँटिबायोटिक सोबत असेल तर धोका आणखी वाढतो.

आणि दुखण्याच्या गोळ्यांबद्दल विचारलंत का?

नवा_निवासी:
आता विचारलं. गुडघ्यांसाठी डायक्लोफेनॅक रोज दोनदा. हृदयासाठी आणि रक्तदाबासाठीचं रॅमिप्रिलही चालू आहे.

नेफ्रॉन:
मग पहिलं काम डायक्लोफेनॅक बंद करणं. ते मूत्रपिंडातले प्रोस्टाग्लँडिन (तिथला रक्तपुरवठा राखणारी द्रव्यं) दाबतं, त्यामुळे लघवीच्या औषधाचा जोर मोडतो. शिवाय रॅमिप्रिल आणि या औषधासोबत ते मूत्रपिंडाला थेट धोक्यात घालतं, क्रिएटिनिन १.९ त्यामुळेच असू शकेल. अडथळा निघाल्यावर प्रतिसाद अचानक वाढेल, म्हणून एकदम ८० वर जाऊ नका. सकाळी एकच ४० द्या. दोन तासांत लघवी स्पष्ट वाढली नाही तरच दुसऱ्या दिवसापासून ८०.

वॉर्ड_सिस्टर:
रोज सकाळी लघवी झाल्यावर, खाण्याआधी, त्याच काट्यावर वजन. दिवसाला अर्धा ते एक किलो उतरलं तर ठीक. त्याहून जास्त उतरलं किंवा उभं राहताना गरगरलं तर डोस देण्याआधी डॉक्टरांना कळवायचं. उलट्या-जुलाब लागले तरी तसंच. पुढची गोळी विचारल्याशिवाय द्यायची नाही.

औषधविद्या:
आठवड्याच्या आत क्रिएटिनिन, सोडियम, पोटॅशियम, मॅग्नेशियम. मॅग्नेशियम कमी असेल तर पोटॅशियम कितीही दिलं तरी टिकत नाही. डिगॉक्सिन हे हृदयाचं औषध चालू असेल तर पोटॅशियम ४ च्या खाली जाऊ देऊ नका. सूज उतरत असताना क्रिएटिनिन थोडं वाढलं आणि रक्तदाब स्थिर असेल, तर तेवढ्यावरून औषध थांबवायचं नाही. सूज पूर्ण उतरली की डोस खाली आणा. हेच बहुतेकदा राहून जातं.