मदत हवी आहे : एआयने लिहिलेले सॉफ्टवेअरचे डॉक्युमेंटेशन कोड बदलल्यावरही अचूक कसे ठेवावे?

नमस्कार.

आमची कंपनी लहान आहे. गावोगावच्या प्राथमिक दूध संस्थांसाठी संकलन, दर आणि बिल यांचे सॉफ्टवेअर आम्ही बनवतो. सर्व्हरचा भाग पायथॉन भाषेत, फास्टएपीआय या वेब फ्रेमवर्कवर आहे. डॉक्युमेंटेशन बरेच मागे पडले होते, म्हणून ते भाषा मॉडेलकडून लिहून घेण्यास आम्ही सुरुवात केली. लिहून घेणे सोपे गेले. परंतु लिहिलेले खरे आहे याची खात्री करणे आणि दर आठवड्याला कोड बदलत असताना ते खरे ठेवणे, हे आम्हाला अजून नीट जमलेले नाही. ज्यांनी हे काम प्रत्यक्ष केले आहे त्यांचा सल्ला हवा आहे, म्हणून अडचण सविस्तर मांडतो.

आमच्या डॉक्युमेंटेशनचे वाचक दोन प्रकारचे आहेत. एक म्हणजे दूध तपासणी यंत्रे किंवा बँकेच्या प्रणाली आमच्या सॉफ्टवेअरला जोडणारे प्रोग्रामर, आणि दुसरे म्हणजे संस्थांचे सचिव, ज्यांना सभासदाने बिलाविषयी विचारले की वापरपुस्तिका उघडून उत्तर द्यावे लागते. चुकीच्या वाक्याची किंमत दोघांनाही मोजावी लागते, पण सचिवांच्या बाबतीत ती थेट उत्पादकाच्या पैशाशी जोडलेली असते. त्यामुळे ‘बहुतांशी बरोबर’ असलेले डॉक्युमेंटेशन आम्हाला चालणार नाही.

चुका कोणत्या प्रकारच्या होतात हे उदाहरणांवरून स्पष्ट होईल. रक्कम काढणाऱ्या एका फंक्शनमध्ये उत्तर पायथॉनच्या राउंड या फंक्शनने दोन दशांश स्थळांवर आणले जात होते. मॉडेलने त्याविषयी लिहिले की अर्धा पैसा किंवा त्याहून अधिक असल्यास रक्कम वरच्या पैशाला पूर्ण केली जाते. वाचताना यात काहीही खटकत नाही, कारण शाळेत सर्वांना हाच नियम शिकवलेला असतो. प्रत्यक्षात पायथॉन ३ मधील राउंड बरोबर मध्यावर असलेली संख्या जवळच्या सम अंकाकडे नेते, म्हणजे २.५ चे २ होतात आणि ३.५ चे ४. शिवाय फ्लोट या दशांश संख्या अंदाजे साठवणाऱ्या प्रकारात २.६७५ ही संख्या किंचित कमी साठवली जात असल्याने तिचे २.६८ न होता २.६७ होतात. सचिवांची अपेक्षा मात्र वाक्यात लिहिलेल्या नियमाचीच होती, त्यामुळे शेवटी वाक्य तसेच ठेवून गणित दशांश अचूक साठवणाऱ्या डेसिमल प्रकारावर नेले आणि पूर्णांकनाचा नियम कोडमध्ये स्पष्ट लिहिला. डॉक्युमेंटेशन आणि कोड यांच्यात फरक सापडला की दर वेळी चूक डॉक्युमेंटेशनचीच असते असे नाही, हे यातून लक्षात घेण्यासारखे आहे.

दुसरे उदाहरण मला अधिक गंभीर वाटते. लॅक्टोमीटरच्या वाचनावरून आणि फॅटवरून एसएनएफ (दुधातील फॅट वगळता उरलेले घन पदार्थ) काढण्याचे सूत्र आमच्या कोडमध्ये आहे, पण त्यातील स्थिरांक सेटिंगमधून येतो, कारण वेगवेगळे दूध संघ वेगवेगळा स्थिरांक वापरतात. मॉडेलने वापरपुस्तिकेत सरळ ०.१४ लिहिले. ही संख्या मनाने रचलेली नाही, रिचमंडच्या प्रसिद्ध सूत्रात ती आहेच. अडचण अशी की आमच्या कोडमध्ये ती कुठेही नाही. जिथे कोड गप्प असतो तिथे मॉडेल आपल्या सामान्य ज्ञानाने जागा भरते, आणि ते ज्ञान बहुतेकदा खरे असल्यामुळे तपासणाऱ्या माणसालाही शंका येत नाही. गाईच्या दुधाचा दर ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफ या प्रतीला धरून सांगितला जातो, हेही असेच सर्वपरिचित ज्ञान. पण त्याखालच्या प्रत्येक पॉइंटला किती कपात करायची हे संघाच्या दरपत्रकावर ठरते, आणि तिथेही मॉडेलने एक गोल आकडा भरून ठेवला होता.

आता आम्ही काय करतो ते सांगतो. जे यंत्राने निश्चितपणे काढता येते ते मॉडेलला लिहू देत नाही. एपीआयची (इतर प्रणालींनी आमचे सॉफ्टवेअर वापरण्याच्या मार्गांची) यादी, प्रत्येक फील्डचा प्रकार, बंधनकारक फील्ड कोणती, हे सर्व फास्टएपीआय कोडमधील टाइप पाहून ओपनएपीआय या प्रमाणित स्वरूपात आपोआप तयार करते. तिथे मॉडेलची गरजच नाही. उदाहरणांसाठी पायथॉनचे डॉकटेस्ट वापरतो, म्हणजे डॉक्युमेंटेशनमध्ये लिहिलेले उदाहरण प्रत्येक पुल रिक्वेस्टवर (कोडमधील बदल स्वीकारण्याच्या विनंतीवर) चालवून पाहिले जाते आणि उत्तर जुळले नाही तर बदल पुढे जात नाही. रस्टमध्ये डॉक कमेंटमधील उदाहरणे चाचणी म्हणून चालतात आणि गो भाषेत उदाहरणाच्या फंक्शनचे आउटपुट तपासले जाते, त्याच धर्तीवर. वापरपुस्तिकेत बटणांची आणि मेनूंची नावे हाताने लिहिण्यास मनाई केली आहे. त्यांच्या जागी ॲपच्या भाषांतर फाइलमधील किल्ली लिहिली जाते आणि पुस्तिका तयार होताना तिथे नाव भरले जाते, त्यामुळे बटणाचे नाव बदलले तर पुस्तिकेतही बदलते. एवढ्या भागाबद्दल आम्ही निर्धास्त आहोत.

उरतो तो वर्णनाचा गद्य भाग, आणि खरी अडचण तिथेच आहे. त्यासाठी प्रत्येक परिच्छेदाखाली तो कोणत्या फंक्शनवर आधारलेला आहे याची अदृश्य खूण ठेवतो. त्या फंक्शनचा हॅश, म्हणजे त्याच्या मजकुरावरून काढलेला आणि मजकूर बदलला की बदलणारा छोटा संकेतांक, आम्ही साठवतो, आणि हॅश बदलला की संबंधित परिच्छेद पुनर्तपासणीच्या यादीत येतो. सुरुवातीला मोकळी जागा किंवा टिप्पणी बदलली तरी यादी वाढत असे. आता मजकुराऐवजी सिंटॅक्स ट्रीचा, म्हणजे कोडच्या व्याकरणिक रचनेचा हॅश घेतो, त्यामुळे ती कटकट बरीच कमी झाली. तरीही नुसते व्हेरिएबलचे नाव बदलले की परिच्छेद यादीत येतो, आणि उलट बाजूने, जिथे खरोखर वर्तन बदलते तिथे कधीकधी काहीच येत नाही. फंक्शन तेच राहते, पण ते ज्या दुसऱ्या फंक्शनला बोलावते ते बदललेले असते, किंवा सेटिंगचे मूळ मूल्य एखाद्या डेटाबेस मायग्रेशनमध्ये (डेटाबेसच्या रचनेत किंवा माहितीत बदल करणाऱ्या स्क्रिप्टमध्ये) बदललेले असते, किंवा एखाद्या लायब्ररीची नवी आवृत्ती आलेली असते. अवलंबित्वाची संपूर्ण साखळी हॅशमध्ये घेतली तर जवळपास प्रत्येक बदलाला निम्मी पुस्तिका यादीत येते, आणि अशी यादी कोणी मनापासून वाचत नाही.

पडताळणीसाठी मॉडेललाच परिच्छेद आणि कोड शेजारी ठेवून ‘हे जुळते का’ असे विचारून पाहिले. या पद्धतीवर माझा विश्वास राहिलेला नाही. परिच्छेद सुसंगत लिहिलेला असला की मॉडेल सहमत होण्याकडे झुकते, आणि राउंडचे वाक्य अशा तपासणीतून सहज पार झाले होते. त्यापेक्षा चांगला अनुभव दुसऱ्या एका पद्धतीचा आला. मॉडेलला कोड अजिबात न दाखवता फक्त परिच्छेद आणि फंक्शनची सिग्नेचर (नाव, इनपुट आणि आउटपुटचे प्रकार) द्यायची, त्या परिच्छेदावरून चाचण्या लिहून घ्यायच्या आणि त्या खऱ्या कोडवर चालवायच्या. परिच्छेद खोटा असेल तर चाचणी नापास होते. पूर्णांकनाचा फरक आम्हाला अशाच चाचणीत सापडला. बिलाचा कालावधी ‘दर दहा दिवसांनी’ असे लिहिले होते तेही असेच उघड झाले, कारण २१ तारखेपासून महिनाअखेरपर्यंतचा तिसरा कालावधी फेब्रुवारीत ८ दिवसांचा असू शकतो आणि ३१ दिवसांच्या महिन्यात ११ दिवसांचा. मात्र ज्या वाक्यातून निश्चित चाचणी निघत नाही, उदाहरणार्थ ‘दरपत्रकातील बदल योग्य रीतीने लागू होतात’, तिथे ही पद्धत निरुपयोगी ठरते. अशी वाक्ये काढूनच टाकावीत असे माझे मत होत चालले आहे, पण सहकाऱ्यांना ते टोकाचे वाटते.

आणखी एक अडचण ‘का’ या प्रश्नाची आहे. दिवाळीच्या दूध फरकाचा (वर्षभराच्या दुधावर नंतर दिल्या जाणाऱ्या वाढीव रकमेचा) हिशेब करताना आमच्या कोडमध्ये एका विशिष्ट प्रकारच्या सभासदांना वगळणारी एक अट आहे. मॉडेलने त्या अटीचे वर्णन अचूक केले आणि पुढे कारणही दिले, की एकाच दुधावर दोनदा फरक दिला जाऊ नये म्हणून ही अट आहे. कारण पटण्यासारखे होते, पण ते खरे नव्हते. ती अट एका संस्थेच्या जुन्या ठरावामुळे आली होती आणि हे माहीत असलेला एकच सहकारी आमच्याकडे होता. आता आम्ही मॉडेलला कारणे लिहिण्यास बंदी घातली आहे. कमिटच्या (कोडमधील बदल नोंदवतानाच्या) संदेशात किंवा निर्णयाच्या नोंदीत कारण असेल तरच, त्या नोंदीचा दुवा देऊन, ते लिहायचे. पण जुन्या कोडच्या बऱ्याच भागाला अशी नोंदच नाही.

सभासदांची नावे किंवा बँक खात्यांचे तपशील यांपैकी काहीही मॉडेलकडे पाठवले जात नाही. फक्त कोड आणि बनावट नमुना डेटा जातो. त्यामुळे त्या अंगाने सूचना नसल्या तरी चालतील. कोणते मॉडेल चांगले यापेक्षाही पद्धतीविषयी सल्ला अधिक उपयोगी पडेल.

मला प्रामुख्याने तीन गोष्टी विचारायच्या आहेत. परिच्छेद आणि कोड यांचा संबंध ठेवताना अवलंबित्वाची साखळी कुठे तोडावी, म्हणजे खरे बदल निसटणार नाहीत आणि यादीही आवाक्यात राहील? हॅशऐवजी चाचण्यांच्या निकालावर किंवा कव्हरेजवर (चाचणीत कोडचा कोणता भाग चालला यावर) आधारलेली खूण कोणी वापरून पाहिली आहे का? परिच्छेदावरून काढलेल्या चाचण्या रिपॉझिटरीत (कोडच्या साठ्यात) कायम ठेवता, की प्रत्येक वेळी नव्याने लिहून घेता? कायम ठेवल्या तर परिच्छेद सुधारल्यावर त्या शिळ्या होतात, आणि नव्याने घेतल्या तर एकाच परिच्छेदासाठी दर वेळी वेगळ्या चाचण्या येतात. आणि ज्या जुन्या कोडच्या कारणांची नोंद नाही, तिथे तुम्ही जागा रिकामी सोडता, की माहीतगार व्यक्तीची मुलाखत घेऊन ती नोंद तयार करता? मुलाखत घेत असाल तर तिचे प्रश्न मॉडेलकडून काढून घेणे उपयोगी ठरते का, हेही कृपया सांगावे, कारण आमचा तो सहकारी पुढील वर्षी निवृत्त होत आहे आणि त्याआधी हे काम हाती घ्यायचे आहे.