लुथरन शाळांवर बी.एड.चा तास : वर्गात नेमकं काय दाखवायचं?

पाटीपेन्सिल (सोलापूर)
बी.एड.च्या पहिल्या वर्षाला शिक्षणाच्या इतिहासात लुथरन शाळांवर, म्हणजे सोळाव्या शतकातला जर्मन धर्मसुधारक मार्टिन ल्यूथर याच्या पंथाच्या शाळांवर, ४५ मिनिटांचा तास घ्यायचाय. विद्यार्थी मराठी, तेलुगू, कन्नड अशा तिन्ही घरांतले आहेत. टिपणांत मात्र 'ल्यूथरने सर्वांना मातृभाषेतून शिक्षण दिले' हे एकच वाक्य फिरून फिरून येतं. वर्गात रोज काय चालायचं, मास्तरांचा पगार कुठून यायचा आणि भारतात हे कुठे दिसतं, एवढं नेमकं हवंय. शिवाय आपल्या सोलापुरातल्या जुन्या मिशन शाळांना लुथरन म्हणायचं का?

ग्रंथघर
शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो : नाही. नगर-सोलापूरकडे काम केलं ते अमेरिकन मराठी मिशनने, आणि ते काँग्रिगेशनल या वेगळ्या प्रोटेस्टंट पंथाचं. प्रोटेस्टंट म्हटलं की सगळे लुथरन असा समज आहे, तो तासाच्या सुरुवातीलाच काढून टाका. भारतातली लुथरन ठाणी म्हणजे मुख्यतः तमिळ मुलूख, आंध्रातला गुंटूरचा पट्टा आणि रांचीकडचं गॉस्नर मिशन.

आता ते मातृभाषेचं वाक्य. ल्यूथरने बायबल जर्मनमध्ये आणलं (नवा करार १५२२, संपूर्ण १५३४), म्हणून शाळाही जर्मन असणार असं आपण धरून चालतो. पण १५२८ साली ल्यूथरचा सहकारी मेलांख्थोन याने जर्मनीतल्या सॅक्सनीसाठी जो शाळेचा आराखडा लिहिला, त्यात स्पष्ट म्हटलंय की मुलांना फक्त लॅटिन शिकवा. जर्मन, ग्रीक, हिब्रू यांचं ओझं घालू नका आणि पुस्तकंही फार लादू नका. मुलांचे गट वयावर नाही, तयारीवर करायचे, आणि ते तीन. पहिल्या गटाने अक्षरओळख, वाचन, प्रार्थना आणि रोज संध्याकाळी थोडे लॅटिन शब्द पाठ करायचे. दुसऱ्याने व्याकरण आणि इसापच्या गोष्टी. तिसऱ्यात व्याकरण पक्कं झालेली निवडक मुलं. त्यांना व्हर्जिल, ओव्हिड, सिसेरो हे लॅटिन लेखक. दुपारचा पहिला तास लहानमोठ्या सगळ्यांना संगीताचा. धर्मशिक्षणाला आठवड्यातला एक दिवस. टिपणांत हा संगीताचा तास हमखास गळतो, तो गाळू नका.

जर्मन वाचायला शिकवणाऱ्या शाळा होत्या, मुलींच्याही. ल्यूथरचाच दुसरा सहकारी बुगेनहागेन याने ब्राउनश्वाइग (१५२८) आणि हॅम्बुर्ग (१५२९) या शहरांच्या नियमावल्यांत त्यांची तरतूद केली. पण त्या निराळ्या आणि कमी तासांच्या. दोन्ही एकात मिसळल्या की सगळं चित्र चुकतं.

पाढेपाठ
पाटीपेन्सिल मॅडम, वर्गात दाखवण्याजोगी गोष्ट म्हणजे १५२९ची लहान प्रश्नोत्तरी, म्हणजे ल्यूथरचं धर्मशिक्षणाचं छोटं पुस्तक. तिच्या प्रस्तावनेत ल्यूथर शिकवण्याची पद्धतच सांगतो, आणि ती आपल्या पाढ्यांच्या फार जवळची आहे. आधी एक ठरावीक पाठ घ्या आणि त्यातला शब्दही बदलू नका. आज एक शब्दरचना, पुढच्या वर्षी दुसरी, असं केलं की साधी माणसं गोंधळतात आणि सगळी मेहनत वाया जाते. पाठ पक्का झाला की मग अर्थ. त्यानंतरच विस्तार.

अर्थासाठी प्रत्येक कलमाखाली एकच प्रश्न येतो : 'म्हणजे काय?' उदाहरणाला 'चोरी करू नको' घ्या. त्याच्या उत्तरात नुसती चोरी नाही. शेजाऱ्याचा पैसा किंवा वस्तू घ्यायची नाही, खोटा माल देऊन किंवा फसवा सौदा करूनही मिळवायची नाही. उलट त्याची मालमत्ता आणि पोटापाण्याचं साधन राखायला, वाढवायला मदत करायची. 'काय करू नये' आणि 'काय करावं' दोन्ही एकाच वाक्यात. मंगळवार बाजारातल्या दुकानदाराला हे समजावून सांगावं लागणार नाही.

प्रात्यक्षिकाला धार्मिक मजकूर नको असेल तर पाठ्यपुस्तकातली प्रतिज्ञा घ्या; ती सगळ्यांना तोंडपाठ असते. ४ मिनिटं शब्दशः म्हणवा, १० मिनिटं एकेका वाक्याला 'म्हणजे काय?' विचारून दोन ओळींचं उत्तर ठरवा, ५ मिनिटं मुलांची उदाहरणं. गाडी अडते ती मधल्या पायरीवर. छात्रशिक्षक ठरलेलं उत्तर गाळून थेट उदाहरणांवर उडी मारतात आणि तास नुसत्या गप्पांचा होतो. मूळ पद्धतीतही घोटाळा झाला तो इथेच, फक्त उलट दिशेने : पुढच्या दशकांतल्या तपासणी अहवालांत मुलं घडाघडा म्हणतात पण अर्थ सांगत नाहीत, अशी तक्रार येते.

ताळेबंद
पैशाबद्दल. ल्यूथरच्या धर्मसुधारणेमुळे मठ ओस पडले, पाद्रीपणाची हमखास नोकरी गेली, म्हणून आईबाप म्हणू लागले की आता शिकून करायचं काय? पटसंख्या घसरली. त्यावर ल्यूथरने १५२४ साली शहरांच्या नगरसभांना लिहिलं. त्याचा मुद्दा रोखठोक होता : बंदुका, रस्ते, पूल, बंधारे यांवर दरवर्षी एवढा खर्च करता, मग एकदोन मास्तर का पोसत नाही? मुलगा दिवसातून एकदोन तास शाळेत आणि उरलेला वेळ घरी धंदा शिकेल; मुलीला तासभर पुरे. म्हणजे कारागिराच्या घरातून हात काढून घ्यायचे नाहीत. मागावर बसणाऱ्या घरांच्या या शहरात हे वाक्य फळ्यावर लिहाच.

पगाराचा नमुना सॅक्सनीतल्या लाइस्निग गावचा, १५२३चा. चर्चच्या इनामांचं उत्पन्न एका सामाईक पेटीत टाकायचं, त्यातून मास्तरांचा पगार आणि गरिबांना मदत. पेटीला चार कुलपं. किल्ल्या सरदार, नगरसभा, नागरिक आणि शेतकरी यांच्याकडे एकेक. कागदावर चोख व्यवस्था, पण नगरसभेने इनामं हातची सोडली नाहीत आणि पेटी रिकामीच राहिली. कुलपांचं चित्र काढून दाखवा, तासभर लक्षात राहील.

ग्रंथघर
भारताचा भाग राहिला. जर्मनीतल्या हाले शहरात फ्रांके या लुथरन पाद्र्याने १६९५ साली गरीब मुलांसाठी शाळा काढली. विद्यापीठातले गरजू विद्यार्थी तिथे शिकवायचे आणि त्याबदली त्यांना जेवण मिळायचं. त्या हालेतून त्सीगेनबाल्ग आणि प्ल्युत्शाउ हे मिशनरी १७०६ साली तमिळ किनाऱ्यावरच्या तरंगंबाडीला उतरले. १७०७ मध्ये मुलींची शाळा. शिक्षण तमिळमधून, पोर्तुगीज बोलणाऱ्या घरांसाठी वेगळी शाळा. तुमच्या तीन भाषांच्या वर्गाला मेलांख्थोनपेक्षा हेच जवळचं वाटेल.

आणि मराठी वाचकाने विसरू नये असं नाव म्हणजे श्वार्ट्झ. हाही हालेहून आलेला लुथरन. तंजावरच्या भोसल्यांचे दत्तक पुत्र सरफोजी दुसरे यांचा तो पालक आणि गुरू. महाराज हिंदूच राहिले, पण गुरूच्या स्मरणार्थ त्यांनी इंग्रज शिल्पकार फ्लॅक्समनकडून संगमरवरी शिल्प करवून घेतलं. मरणशय्येवरच्या श्वार्ट्झचा हात धरलेले सरफोजी त्यात दिसतात. पुढे त्यांच्याच छापखान्यातून इसापच्या गोष्टी मराठीत निघाल्या. मेलांख्थोनच्या दुसऱ्या गटाचं तेच पुस्तक.

पाटीपेन्सिल (सोलापूर)
ग्रंथघर सर, पाढेपाठ, ताळेबंद, मनापासून आभार. प्रतिज्ञेचं प्रात्यक्षिक १९ मिनिटं, पेटीचं चित्र ८, तीन गट १०, तंजावर ८. एक शंका : ल्यूथरच्या 'पाचारणा'ची, म्हणजे रोजचं काम हीच देवाची हाक, ही कल्पना सांगताना अरणच्या सावता माळ्यांचा दाखला द्यावा का?

पाढेपाठ
द्या, पण फरक सांगून. सावतोबांना मळ्यातच विठ्ठल भेटला. ल्यूथरचा मोची चांगला जोडा शिवतो तो शेजाऱ्याच्या पायासाठी. देवाला त्या जोड्याची गरज नाही, शेजाऱ्याला आहे. १० मिनिटांचे तीन गट ७ मध्ये बसवलेत तर याला ३ मिनिटं मिळतील.